चावी फिरत नाही, स्टेअरिंग हलत नाही: जोर लावण्याआधी हे वाचा

तुम्ही आत्ता अडकलेल्या गाडीत बसून हे वाचत असाल, तर आधी चावीवरचा हात सैल करा. बहुतेक वेळा गाडीत काहीही बिघडलेलं नसतं. स्टेअरिंगचं कुलूप लागलंय आणि त्याची खिट्टी दाबली गेली आहे, एवढंच. ती जोराने सुटत नाही, दाब काढला की सुटते.

डाव्या हाताने स्टेअरिंग धरा आणि हळू डावीकडे, मग हळू उजवीकडे हलवून बघा. एका बाजूला ते दगडासारखं घट्ट लागेल. दुसऱ्या बाजूला थोडंसं, बोटभर, रबर ताणल्यासारखं सरकेल. जिकडे सरकतंय तिकडे ओढून धरा, पण अगदी टोकापर्यंत नको. टोकाला नेलंत तर खिट्टी दुसऱ्या बाजूने दाबली जाते आणि तुम्ही परत तिथेच येता. दोन टोकांच्या मधे कुठेतरी ती मोकळी असते. स्टेअरिंग त्या जागेवर धरून उजव्या हाताच्या दोन बोटांनी चावी फिरवा. एकदम नाही जमलं तर स्टेअरिंग अगदी थोडं मागेपुढे करत राहा आणि चावीवर हलका, सतत दाब ठेवा. योग्य जागा आली की चावी स्वतःहून फिरल्यासारखी पुढे जाते.

स्टेअरिंग फार घट्ट असेल तर दोघांनी करा. एकाने दोन्ही हातांनी स्टेअरिंग ओढून धरायचं, दुसऱ्याने चावी फिरवायची. इंजिन बंद असताना पॉवर स्टेअरिंगची मदत मिळत नाही, त्यामुळे एका हाताची ताकद कमी पडते. विशेषतः घरातल्या वयस्कर माणसांना यामुळे उगाच वाटतं, की गाडी बिघडली.

आता आत काय होतं ते सांगतो. एकदा हे डोळ्यांसमोर आलं की पुढच्या वेळी घाबरायला होत नाही.

स्टेअरिंगपासून खाली जो दांडा जातो, त्याच्यावर एक कडं बसवलेलं असतं आणि त्या कड्याला खाचा असतात. चावी काढली की इग्निशन लॉकमधली एक जाड पोलादी खिट्टी स्प्रिंगच्या दाबाने त्या कड्यावर टेकते. खाच नेमकी समोर नसेल तर ती नुसती टेकून बसते. म्हणूनच चावी काढल्याबरोबर स्टेअरिंग लॉक होतंच असं नाही. नंतर कुणी स्टेअरिंग जरा फिरवलं, की खाच समोर येते आणि खट्ट आवाज करून खिट्टी आत जाते. पुढची चाकं वळलेल्या अवस्थेत गाडी उभी असेल, तर टायरच्या रबराला पीळ बसलेला असतो. तो पीळ सरळ व्हायला बघतो आणि दांड्याला एका बाजूला ढकलत राहतो. खिट्टी खाचेच्या भिंतीवर दाबली जाते, चावीला ती मागे ओढता येत नाही. पावसाळ्यात फुगलेल्या दाराची कडी जशी दार जरा आत ओढून धरल्याशिवाय सरकत नाही, तसंच हे.

ही सोय चोराला अडवण्यासाठी आहे. जनरल मोटर्सने १९६९ च्या मॉडेलांपासून इग्निशनचं कुलूप डॅशबोर्डवरून स्टेअरिंगच्या खांबावर आणलं आणि चावी काढल्यावर स्टेअरिंग अडेल अशी रचना केली. आपल्याकडच्या चावीच्या गाड्यांत तीच कल्पना आहे. स्कूटरचं हँडल लॉक वापरणाऱ्याला ती वेगळी समजावून सांगावी लागत नाही.

तरीही सुटत नसेल तर

पुढचं एखादं चाक फुटपाथला, दगडाला किंवा खड्ड्याच्या कडेला टेकलंय का, ते खाली उतरून बघा. टेकलं असेल तर सगळा भार खिट्टीवर येतोय. सपाट जागा असेल तर एकाने आत बसून ब्रेकवर पाय ठेवावा, गिअर न्यूट्रलला घ्यावा, हँडब्रेक सोडावा आणि बाहेरच्यांनी गाडी वीतभर मागे किंवा पुढे ढकलावी. तेवढ्याने टायरचा पीळ सुटतो. इंजिन बंद असलं तरी ब्रेक लागतो, फक्त पाय नेहमीपेक्षा जोरात दाबावा लागतो. उतारावर हा प्रयोग करू नका. ऑटोमॅटिक गाडी चावी फिरवल्याशिवाय सहसा पी मधून निघत नाही, तेव्हा तिलाही हा उपाय लागू नाही.

गाडी ढकलायची सोय नसेल तर जॅक आहेच. सपाट, टणक जमिनीवर, हँडब्रेक ओढून, मागच्या चाकांना दोन्हीकडून दगड लावून, पुढचं अडकलेलं चाक जमिनीवरून जेमतेम उचला. चाक हवेत आलं की त्याचा पीळ सुटतो आणि स्टेअरिंगवरचा दाब बराच कमी होतो. रस्त्यात वेळ आली तर जोर लावण्याआधी मी हाच उपाय करून बघेन.

काय करू नये, तेही स्पष्ट सांगतो. चावीला पकड लावून फिरवू नका. चावी आत तुटली की वीस मिनिटांचं काम दोन दिवसांचं होतं. लॉकवर हातोडी मारू नका. आणि लॉक 'तोडायला' म्हणून स्टेअरिंगला दोन्ही हातांनी हिसके देऊ नका. चोर तेच करतात. तुटलेल्या खिट्टीचा तुकडा आत राहिला तर तो पुढे कधी, कुठल्या वळणावर आडवा येईल ते सांगता येत नाही.

बटणाच्या गाड्या

ज्या गाड्यांना चावी घालावी लागत नाही, त्यांच्यातल्या काहींना इलेक्ट्रॉनिक स्टेअरिंग लॉक असतं आणि काहींना स्टेअरिंग लॉकच नसतं. तुमच्या गाडीला आहे की नाही ते माहितीपुस्तिकेत दिलेलं असतं. इलेक्ट्रॉनिक लॉकमध्ये तीच खिट्टी एक छोटी मोटर मागे ओढते. ती मोटर फार ताकदवान नसते, त्यामुळे खिट्टीवर दाब असला की ती हरते आणि डॅशबोर्डवर स्टेअरिंगचं चिन्ह किंवा संदेश येतो. उपाय तोच: ब्रेक (गिअरची गाडी असेल तर क्लचसुद्धा) दाबा, स्टेअरिंग हलकं डावी-उजवीकडे हलवत ठेवा आणि ते हलत असतानाच बटण दाबा.

तेवढ्याने नाही झालं तर दोन बॅटऱ्या तपासायच्या. पहिली किल्लीतली. ती बहुधा सीआर २०३२ सारखी नाण्याएवढी असते आणि कुठल्याही घड्याळवाल्याकडे मिळते. ती मेलेली असेल तर बऱ्याच गाड्यांत किल्ली स्टार्टच्या बटणाला टेकवून धरली की गाडी तिला ओळखते. काही गाड्यांत किल्ली ठेवायची वेगळी जागा असते. दुसरी बॅटरी म्हणजे गाडीची. बारा व्होल्टची धडधाकट बॅटरी गाडी बंद असताना साधारण १२.६ व्होल्ट दाखवते. ती उतरली की दिवे लागतील, हॉर्नही वाजेल, पण लॉकची मोटर नीट फिरणार नाही. अशा वेळी जंप स्टार्ट द्या: लाल केबलचं एक टोक मेलेल्या बॅटरीच्या प्लसला, दुसरं चांगल्या बॅटरीच्या प्लसला, मग काळी चांगल्या बॅटरीच्या मायनसला आणि तिचं शेवटचं टोक बंद गाडीच्या इंजिनवरच्या उघड्या लोखंडाला, बॅटरीपासून लांब. बॅटरी चांगली, किल्ली चांगली, स्टेअरिंगवर दाब नाही आणि तरीही दर दोन-चार दिवसांनी तोच संदेश येत असेल, तर लॉकचा भागच कमजोर झालाय. तिथे घरगुती इलाज नाही. तपासायचं यंत्र लावून बघणाऱ्या गॅरेजमध्येच जा.

पुन्हा पुन्हा का होतं

एकदा सुटलं की माणूस विसरतो. पण हे आठवड्यातून एकदा होऊ लागलं, तर त्याचं कारण शोधावंच लागतं. कारण शोधायची एक सोपी खूण आहे. चावी अडते तेव्हा स्टेअरिंग कसं असतं, तेवढं बघा.

स्टेअरिंग ताणलेलं असतं आणि ताण काढला की चावी विनातक्रार फिरते, असं दर वेळी होत असेल तर कुलूप ठीक आहे, गाडी लावायची पद्धत बदलायला हवी. सोसायटीच्या पार्किंगमध्ये जागा इतकी अरुंद असते, की शेवटचा वळसा घेतल्या घेतल्या लोक इंजिन बंद करतात. पुढची चाकं पूर्ण वळलेली, टायर पिळलेला, आणि त्यात उतरताना स्टेअरिंगला धरून उठायचं. त्या उठण्यानेच खिट्टी खाचेत जाते. गाडी थांबवायच्या आधी, ती हलती असतानाच, स्टेअरिंग सरळ करा. जागच्या जागी फिरवलं तर टायरला पीळ राहतोच. उतरताना हात दाराच्या चौकटीवर किंवा सीटवर ठेवा. घरात गुडघे दुखणारं कुणी गाडी चालवत असेल तर हे मुद्दाम सांगा, कारण त्यांचा हात आपोआप स्टेअरिंगकडेच जातो. लहान मुलं बंद गाडीत ड्रायव्हर-ड्रायव्हर खेळतात तेव्हाही हेच होतं.

उतारावर मात्र चाकं वळवून लावणंच योग्य: गाडीचं तोंड उताराकडे असेल तर फुटपाथकडे, चढाकडे असेल तर फुटपाथच्या उलट बाजूला. तिथे सुरक्षितता आधी. फक्त हँडब्रेक घट्ट ओढून मग पायाचा ब्रेक सोडा, म्हणजे गाडी हँडब्रेकवर टेकेल आणि तिचा भार टायरमार्फत स्टेअरिंगवर येणार नाही. शेवटी गिअर टाका.

दुसरी परिस्थिती वेगळी आहे. स्टेअरिंग सैल आहे, हाताला काही ताण लागत नाही आणि तरी चावी फिरत नाही. इथे दोष चावीत किंवा कुलपाच्या बॅरलमध्ये (चावी जिच्यात जाऊन फिरते त्या नळीत) आहे आणि हा प्रकार दिवसेंदिवस वाढतच जातो.

बॅरलच्या आत पितळेच्या बारीक पट्ट्या असतात. चावीच्या दात्यांप्रमाणे त्या वर-खाली होतात आणि सगळ्या एका रेषेत आल्या तरच बॅरल फिरतं. वर्षानुवर्षं वापरलेल्या चावीचे दाते झिजून गोल होतात. मग एखादी पट्टी केसभर वर राहते आणि सगळं अडतं. म्हणून पहिली चाचणी: घरातली दुसरी, न वापरलेली चावी आणा. ती सहज फिरली तर बॅरल ठीक आहे, तुमच्या हातातली चावी थकलेली आहे. नवी चावी करून घ्या, पण झिजलेल्या चावीवरून नव्हे. नक्कल करताना झीजसुद्धा नक्कल होते. गाडी नवीन घेताना चाव्यांबरोबर एक छोटा बिल्ला मिळतो, त्यावर नंबर असतो. त्या नंबरावरून मूळ मापाची चावी कापून मिळते. तो बिल्ला नसेल तर कपाटातल्या त्या न झिजलेल्या चावीवरून करून घ्या. चावीत चिप असेल तर ती गाडीशी जोडून घ्यावी लागते. नाहीतर चावी फिरते, स्टेअरिंग सुटतं, पण इंजिन चालू होत नाही, आणि मग लोक तोही दोष लॉकवर टाकतात.

दोन्ही चाव्या अडत असतील तर बॅरलमध्ये घाण किंवा झीज आहे. कोकणात खारी हवा आणि चार महिन्यांची ओल पितळेला आणि स्प्रिंगांना खाते. विदर्भ-मराठवाड्यात धूळ आत जाते. पण माझ्या मते सगळ्यात जास्त नुकसान लोक तेल सोडतात त्याने होतं. खोबरेल, शिलाई मशीनचं तेल, इंजिनचं उरलेलं तेल, काहीही. दोन दिवस चावी लोण्यासारखी फिरते, मग त्या तेलावर धूळ बसून चिखल होतो आणि पट्ट्या जागेवर चिकटतात. त्याऐवजी विजेच्या संपर्कांसाठी मिळणाऱ्या क्लीनरचा एक छोटा फवारा द्या, चावी दहा-बारा वेळा आत-बाहेर करा, दर वेळी कापडाने पुसा. काळी घाण निघेल. पूर्ण वाळू द्या. मग चिमूटभर ग्रॅफाइट पावडर. ती मिळाली नाही तर मऊ, गडद शिसपेन्सिल चावीच्या दोन्ही बाजूंना घासून चावी आत घाला. तेही ग्रॅफाइटच आहे. चिमूटभरच म्हणतोय, कारण ग्रॅफाइटमधून वीज वाहते आणि बॅरलच्या मागे इग्निशनचा स्विच असतो. तेल आणि ग्रॅफाइट एकत्र मात्र कधीही नको, त्याचा लगदा होतो.

झिजलेलं बॅरल रस्त्यात अडलं तर एक युक्ती बऱ्याचदा चालते. चावी पूर्ण आत घाला, मग अगदी केसभर बाहेर ओढून फिरवा. दोन्ही बाजूंनी दाते असतील तर चावी उलटी घालून बघा. चावी आत ठेवून बॅरलच्या तोंडावर स्क्रू ड्रायव्हरच्या लाकडी किंवा प्लॅस्टिकच्या मुठीने हलकं टकटक केलं तरी अडकलेली पट्टी कधी कधी खाली बसते. पण याला दुरुस्ती समजू नका. घरापर्यंत, फार तर गॅरेजपर्यंत पोहोचायचं हे साधन आहे.

चावी अजून फिरतेय तोवर गॅरेज गाठा

हे मला सगळ्यात कळकळीने सांगायचंय. बऱ्याच गाड्यांत चावी पहिल्या खुणेवर फिरवून, बाजूच्या भोकातून एक पिन दाबली की नुसतं बॅरल बाहेर येतं. म्हणजे चावी फिरत असेल तरच ते सहज बदलता येतं. पूर्ण जाम झाल्यावर तो मार्ग बंद होतो. मग सगळं लॉकच काढावं लागतं, आणि ते ज्या बोल्टांनी बसवलेलं असतं त्यांची डोकी कंपनीत आवळतानाच मुद्दाम तोडलेली असतात, चोराला पाना लावता येऊ नये म्हणून. ते बोल्ट ड्रिलने कोरून काढावे लागतात. शेजारून एअरबॅगच्या वायरी जातात, त्यांचे जोड बहुधा पिवळे असतात. बॅटरी न काढता तिथे हात घालणाऱ्या माणसाकडे गाडी देऊ नका. रोज सकाळी पाच मिनिटं चावीशी झटापट करत महिनोन् महिने काढणाऱ्यांनी हे मनावर घ्यावं. आज नुसत्या बॅरलवर भागेल, जाम झाल्यावर टोचन, ड्रिल आणि पूर्ण लॉक सेट, एवढं सगळं लागतं.

चाव्यांचा जुडगाही हलका करा. घराची, दुकानाची, कपाटाची, मोटरसायकलची, वर पितळी गणपती, असा जुडगा प्रत्येक खड्ड्याला बॅरलमध्ये झोके घेतो आणि पट्ट्या घासतो. वजनदार जुडगा किती घातक ठरू शकतो, ते अमेरिकेत दिसलं. जनरल मोटर्सच्या काही छोट्या गाड्यांचा इग्निशन स्विच इतका सैल होता, की जुडग्याच्या वजनाने किंवा धक्क्याने चावी चालू गाडीत मागे सरकायची. इंजिन बंद, पॉवर स्टेअरिंग बंद, एअरबॅगही बंद. २०१४ साली अशा सुमारे २६ लाख गाड्या परत बोलावल्या गेल्या आणि भरपाईच्या निधीने १२४ मृत्यू त्या दोषाशी जोडलेले मान्य केले. तिथे दोष स्विचच्या रचनेत होता, तुमच्या गाडीत तो असेलच असं नाही. पण गाडीची चावी एकटी ठेवण्यात काय जातं?

या खुणा दिसल्या तर गाडी चालवू नका

चावी ऑनवर असताना ओढली की बाहेर येते, अशी गाडी रस्त्यावर नेऊ नका. बॅरल इतकं झिजलंय, की चालत्या गाडीत चावी निसटू शकते. चावी पूर्ण फिरते, दिवे लागतात, पण स्टेअरिंग अडलेलंच राहतं, याचा अर्थ खिट्टी मागे येत नाही. तीही गाडी उचलून न्या. आणि चालत्या गाडीत, चावी ऑनवर असताना स्टेअरिंग जड झालं किंवा अडलं, तर ते बहुधा लॉक नसतंच. पॉवर स्टेअरिंगची मोटर, पट्टा, ऑइल किंवा खालचा सांधा बघायला हवा. जड होणं आणि अडणं यातला फरक मेकॅनिकला नीट सांगा. जड स्टेअरिंग ताकद लावली की फिरतं. लॉक झालेलं स्टेअरिंग बोटभर सरकून थाडकन थांबतं.

घाटात इंजिन बंद करून गाडी सोडणाऱ्यांबद्दल बोलल्याशिवाय हा विषय पुरा होत नाही. आंबा, कुंभार्ली, आंबोली, कुठल्याही घाटात पेट्रोल वाचवायला चावी मागे घेणारे अजून भेटतात. इंजिन बंद झालं की ब्रेकची मदत दोन-तीन दाबांत संपते, स्टेअरिंग जड होतं आणि चावी चुकून लॉकपर्यंत जाऊन निघाली तर पहिल्याच वळणावर खिट्टी बसते. त्या वळणावर मग गाडी सरळच जाते. आणि वाचतं काय? इंजेक्टरच्या गाडीत गिअर लावून अॅक्सिलरेटरवरचा पाय काढला, की इंजेक्टर इंधन तोडतातच. गिअरमध्ये उतरताना पेट्रोल जवळजवळ जळत नाही, वर इंजिनचा ब्रेकही मिळतो. इंजिन आपोआप बंद पडलं तर चावीला हात लावू नका. ब्रेक एकदाच, जोरात, न सोडता दाबा आणि स्टेअरिंगला ताकद लावून गाडी कडेला घ्या.

गाडी टोचन करून न्यावी लागली तरी हेच ध्यानात ठेवा. चावी आत आणि स्टेअरिंग सुटलेलं असल्याशिवाय दोरी बांधू देऊ नका. लॉक सुटतच नसेल तर पुढची चाकं उचलणारी किंवा गाडी पाठीवर घेणारी क्रेन बोलवा.

बॅरल किंवा लॉक बदलून झालं की गॅरेजमधून निघायच्या आधी तिथेच तपासून घ्या. चावी काढून स्टेअरिंग डावीकडे लॉक करा, उघडा. मग उजवीकडे लॉक करा, उघडा. चावी फक्त लॉकच्या खुणेवरच बाहेर येते ना, हे मुद्दाम बघा. चावी ऑनवर ठेवून स्टेअरिंग या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरवा, कुठे घासल्याचा आवाज यायला नको. नुसतं बॅरल बदललं असेल तर दारांना जुनी चावी आणि इग्निशनला नवी, अशा दोन चाव्या हातात येतात. त्या वेगवेगळ्या रिंगांत ठेवा आणि नव्या चावीबरोबर नंबराचा बिल्ला मिळाला असेल तर तो गाडीत न ठेवता घरी, गाडीच्या कागदपत्रांच्या पाकिटात ठेवा.